बालनामांची व्युत्पत्ती आणि तिची पारख

उमरखेड येथे एका परिचित कुटुंबातील बारशास उपस्थित राहण्याचा योग प्रस्तुत लेखकास नुकताच आला. पाळणा सजविण्याचे काम चालू असता बाळाच्या आत्याने एक छापील नामसूची पुढे केली आणि विचारले, "सर, यात 'आरव' म्हणजे शांत असे दिले आहे. नाव तर ठरले आहे. पण अर्थ बरोबर आहे ना, एवढे सांगा." शेजारीच बाळाचे पणजोबा बसले होते. त्यांचे नाव उकंडा. निमंत्रणपत्रिकेवर मात्र ते 'उत्तमराव' झाले होते. मूळ नाव पत्रिकेत बरे दिसले नसते, असे घरातील तरुण मंडळींचे म्हणणे पडले. एकाच घरात, एकाच दिवशी, एका नावाला नसलेला अर्थ जोडला जात होता आणि दुसऱ्या नावाचा असलेला अर्थ झाकला जात होता.

या दोन्ही गोष्टींचे मूळ एकच आहे. नावाचा अर्थ म्हणजे नेमके काय आणि तो खरा की खोटा हे कशावरून ठरवावयाचे, याविषयी आपल्या समजुती अस्पष्ट असतात. भाषाशास्त्राच्या अभ्यासकास हा प्रश्न घरोघरी विचारला जातो. आणि बहुधा आपणही कोश उघडून एखादा अर्थ सांगून मोकळे होतो. ते पुरेसे नाही. बालनामांच्या सांगितल्या जाणाऱ्या व्युत्पत्ती व अर्थ कोणत्या कसोट्यांवर तपासावेत, याचे विवेचन पदव्युत्तर विद्यार्थ्यांच्या उपयोगासाठी येथे करावयाचे योजिले आहे. उदाहरणे शक्य तेथे उमरखेड-माहूर परिसरातील आणि मराठी कुटुंबांत प्रत्यक्ष प्रचारात असलेली घेतली आहेत.

१. एका प्रश्नात तीन प्रश्न

'या नावाचा अर्थ काय?' या साध्या दिसणाऱ्या प्रश्नात तीन स्वतंत्र प्रश्न मिसळलेले असतात. पहिला व्युत्पत्तीचा : हा शब्द कोणत्या भाषेतून, कोणत्या मूळ रूपापासून आला? दुसरा शब्दार्थाचा : त्या भाषेत हा शब्द कोणत्या अर्थाने वापरला जातो किंवा जात असे? तिसरा हेतूचा : हे नाव या मुलाला का दिले गेले? पहिल्याचे उत्तर ध्वनिनियम व तुलना यांवरून मिळते, दुसऱ्याचे कोश व ग्रंथांतील प्रयोग यांवरून, आणि तिसऱ्याचे नाव ठेवणाऱ्या माणसांकडून. तीन प्रश्नांचे साक्षीदार वेगळे आहेत. एकाची साक्ष दुसऱ्याच्या खटल्यात चालत नाही.

उमरखेडच्या परिसरात 'रेणुका' हे नाव पिढ्यान्‌पिढ्या आवडीने ठेवले जाते. संस्कृतात 'रेणु' म्हणजे धूलिकण किंवा पराग, आणि 'रेणुका' हे त्यापासून साधलेले रूप. व्युत्पत्ती निर्दोष आहे; परंतु कोणतीही आई आपल्या मुलीस 'धूळ' या अर्थाने रेणुका म्हणत नाही. पैनगंगेपलीकडे माहूरच्या गडावर रेणुकामातेचे स्थान आहे; तेथे नवस बोलला जातो आणि मुलगी झाली की देवीचे नाव तिला मिळते. नामसूचीत या नावापुढे 'परशुरामाची आई' असे छापलेले असते. तो शब्दार्थही नव्हे आणि व्युत्पत्तीही नव्हे. तो पौराणिक निर्देश आहे. उमरखेडच्या एखाद्या रेणुकेला तिच्या नावाचा अर्थ सांगावयाचा, तर माहूरचा उल्लेख केल्यावाचून ते उत्तर पुरे होत नाही.

मूळ शब्द निश्चित असतानाही हेतूविषयी एकाहून अधिक परंपरा असू शकतात, हे शिवछत्रपतींच्या नावावरून दिसते. 'शिव' या शब्दाविषयी वाद नाही. परंतु हे नाव का ठेवले याविषयी लोकपरंपरा शिवनेरीवरील शिवाई देवीकडे बोट दाखविते, तर महाराजांच्या आश्रयास असलेला कवींद्र परमानंद 'शिवभारता'त शिवगिरीवर जन्म झाला म्हणून 'शिव' हे नाव रूढ झाले असे सांगतो. या दोहोंत निवड करावयाची झाल्यास व्याकरणाचा काही उपयोग नाही. तेथे साधनांचा काळ आणि अधिकार पाहावा लागतो. तो प्रांत इतिहासाचा आहे.

२. चुका कोठून उद्भवतात

नामसूचींतील चुका केवळ अज्ञानातून होतात असे मानणे योग्य नाही. त्यांच्यामागे काही निश्चित कारणे आहेत.

पहिले कारण जन्माक्षराचे. अवकहडा चक्राप्रमाणे प्रत्येक नक्षत्राच्या चार चरणांना चार अक्षरे नेमून दिलेली आहेत. आर्द्रा नक्षत्रास कू, घ, ङ, छ ही अक्षरे येतात. हस्तास पू, ष, ण, ठ. उत्तराभाद्रपदेस दू, थ, झ, ञ. आता ङ, ञ किंवा ण यांनी आरंभ होणारे नाव मराठीत स्वाभाविकपणे मिळणार कोठून? सूचीकाराला मात्र प्रत्येक अक्षराखाली रकाना भरावयाचा असतो. तेव्हा शब्द घडविले जातात, आणि घडविलेल्या शब्दापुढे कोणता तरी मंगल अर्थ लिहिला जातो.

दुसरे कारण प्रतिष्ठेचे. नाव संस्कृत असेल तरच ते अर्थपूर्ण, अशी समजूत खोलवर रुजलेली आहे. तिला शास्त्राचा आधारही जुना आहे. पारस्कर गृह्यसूत्रात मुलाचे नाव दोन किंवा चार अक्षरांचे, घोषवर्णाने आरंभ होणारे आणि कृदन्त असावे, तर मुलीचे विषमाक्षरी व आकारान्त असावे, असे नियम आहेत. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात स्त्रीचे नाव सुखाने उच्चारता येणारे, मनोहर आणि ज्याचा अर्थ सहज कळतो असे असावे, असे म्हटले आहे. अर्थ सहज कळावा ही अपेक्षा आजच्या पालकांचीही आहे. परंतु ज्यांना संस्कृत कळते त्यांच्यासाठी केलेला हा नियम आज ज्यांना ते कळत नाही त्यांच्या घरी लागू केला जातो. आणि अर्थ कळण्याचे काम नामसूचीकडे सोपविले जाते.

तिसरे कारण अनुकरणाचे. एका सूचीतील चूक दुसरीत, दुसरीतील तिसरीत उतरते. आणि दहा ठिकाणी आढळली म्हणजे ती खरी ठरते. वस्तुतः एकाच मूळ प्रतीच्या दहा नकला म्हणजे एकच साक्षीदार होय. पाठचिकित्सेत आपण हे तत्त्व रोज पाळतो. नावांच्या बाबतीतही ते पाळले पाहिजे.

३. प्रयोगाची कसोटी

सांगितलेला अर्थ कोशात आहे काय, आणि कोशात असल्यास प्रत्यक्ष वाङ्मयात आहे काय, हे प्रथम पाहावे. आत्याबाईंनी विचारलेले 'आरव' हे नाव या कसोटीचे उत्तम उदाहरण आहे. संस्कृतात 'रु' धातूचा अर्थ आवाज करणे असा आहे. त्यापासून रव, आरव, विराव, संराव हे शब्द सिद्ध होतात, आणि अमरकोशात 'आरव' हा शब्द ध्वनिवाचक शब्दांच्या गणनेत येतो. म्हणजे आरव याचा अर्थ नाद, घोष, कल्लोळ. शांततेच्या नेमका उलट. चूक बहुधा आद्य स्वराच्या ऱ्हस्व-दीर्घाच्या गोंधळातून झाली असावी. 'अ-रव' म्हणजे ध्वनिरहित असे म्हणता आले असते. पण नकारार्थी उपसर्ग 'अ' हा ऱ्हस्व आहे, आणि 'आ' हा वेगळा उपसर्ग आहे. एका मात्रेने अर्थ फिरला.

याच कसोटीवर 'शनाया' हे नाव टिकत नाही. 'सूर्याचा पहिला किरण' असा त्याचा अर्थ सांगितला जातो; परंतु संस्कृत कोशांत हा शब्दच मिळत नाही. 'स्टुडंट ऑफ द इयर' (२०१२) या हिंदी चित्रपटातील आणि 'माझ्या नवऱ्याची बायको' या २०१६ मध्ये सुरू झालेल्या मराठी मालिकेतील पात्रांमुळे हे नाव आपल्याकडे सर्वांच्या कानी पडले. नाव कानाला गोड लागले म्हणून ठेवले, असे म्हणण्यात कमीपणा काहीच नाही. किरणाची गोष्ट मात्र नंतर जोडलेली आहे.

विद्यार्थ्यांनी एक पथ्य पाळावे. संस्कृतासाठी मोनियर-विल्यम्स (१८९९), मराठीसाठी मोल्सवर्थ (दुसरी आवृत्ती १८५७) आणि महाराष्ट्र शब्दकोश, प्राचीन मराठीसाठी तुळपुळे व फेल्डहाउस यांचा कोश (१९९९), व्युत्पत्तीसाठी कृ. पां. कुलकर्णी यांचा मराठी व्युत्पत्तिकोश (१९४६) व टर्नर यांचा भारतीय-आर्य भाषांचा तुलनात्मक कोश, ही साधने एकत्र पाहावीत. एका कोशात आढळलेला अर्थ हा तपासाचा आरंभ समजावा. शब्द केवळ कोशकारांनी नोंदविलेला आहे की ग्रंथांत प्रत्यक्ष वापरलेला आहे, हा भेद मोठे कोश स्वतःच दर्शवितात. तो वगळून अर्थ उतरवून घेणे योग्य नव्हे.

४. ध्वनिनियमांची कसोटी

मराठी ही संस्कृतापासून एका उडीत आलेली नाही. मध्ये प्राकृत व अपभ्रंश यांचे टप्पे आहेत, आणि प्रत्येक टप्प्यावरील ध्वनिपरिवर्तन नियमबद्ध आहे. झ्यूल ब्लॉक यांच्या मराठी भाषेच्या घडणीवरील ग्रंथाने (१९२०) ही गोष्ट सर्वांच्या ध्यानात आणून दिली. नावांची व्युत्पत्ती या नियमांतून सुटू शकत नाही.

साधी घरगुती नावे या परीक्षेत उत्तम उतरतात. 'सई' हे नाव 'सखी'पासून आले : स्वरांमधील 'ख'चा प्राकृतात 'ह' होऊन 'सही', आणि पुढे 'ह' लोपून 'सई'. 'जाई' ही 'जाति' या पुष्पनामापासून, मधला 'त' गळून. 'जुई' ही 'यूथिका'पासून, आरंभीच्या 'य'चा 'ज' व 'थ'चा 'ह' होऊन. ही तिन्ही नावे अस्सल मराठी वारशाची आहेत. नामसूचींतील भारदस्त नावांपेक्षा त्यांची कुळकथा अधिक निश्चितपणे सांगता येते.

याउलट 'विहान' हे नाव पाहावे. 'पहाट' हा त्याचा सांगितलेला अर्थ बरोबर आहे. परंतु 'संस्कृत शब्द' हे सांगितलेले मूळ बरोबर नाही. संस्कृत 'वि + भा' (प्रकाशणे) या धातूशी संबद्ध असलेले प्राकृत रूप 'विहाण' असे आहे; 'भ'चा 'ह' झाला, तो प्राकृतात. हिंदीच्या पूर्वेकडील बोलींत आणि भोजपुरीत हाच शब्द 'बिहान' या रूपाने पहाट किंवा उद्या या अर्थी जिवंत आहे. आता मराठीचा नियम असा की प्राकृतातील स्वरमध्यस्थ 'ण' मराठीत टिकतो आणि हिंदीत त्याचा 'न' होतो : आपले पाणी, त्यांचे पानी. हा शब्द मराठीत वारशाने उतरला असता तर त्यात 'ण' असता. 'न' सांगतो की नाव हिंदीकडून आले. आणि आरंभीचा 'व' सांगतो की 'बिहान' या बोलीरूपाला नंतर संस्कृताचा पोशाख चढविला गेला. एवढा प्रवास त्या एका नावात लिहिलेला आहे. त्याला शुद्ध संस्कृत मानण्याचा हट्ट धरला, तर 'वि' अधिक 'हान' अशी फोड करावी लागेल. आणि 'हान' म्हणजे त्याग. पालकांना तो अर्थ खासच अभिप्रेत नसतो.

५. मार्गाची कसोटी

शब्दाचे मूळ आणि तो आपल्यापर्यंत आलेला मार्ग या दोन गोष्टी आहेत. 'मायरा' या नावास नामसूचींत 'प्रिय' किंवा 'अद्भुत' असे अर्थ दिलेले असतात. वस्तुतः हे नाव इंग्रज कवी फुल्क ग्रेव्हिल (१५५४–१६२८) याने आपल्या काव्यातील नायिकेसाठी योजले आणि तेथून ते इंग्रजी नामसंग्रहात रूढ झाले. 'कियारा' हे नाव 'अंजाना अंजानी' (२०१०) या हिंदी चित्रपटातील नायिकेमुळे आपल्याकडे परिचित झाले. त्याच्यासारखी दोन नावे युरोपात आहेत : इटालियन 'कियारा', जे लॅटिन 'क्लारा' म्हणजे तेजस्वी यापासून आले, आणि आयरिश 'किअरा', ज्याच्या मुळाशी 'काळा' हा अर्थ आहे. तेज आणि काळोख हे दोन्ही अर्थ एकाच उच्चाराच्या आसपास उभे आहेत. अशा वेळी केवळ ध्वनिसाम्यावरून कोणता अर्थ 'खरा' हे सांगता येत नाही. आणि तिसराच एखादा संस्कृत अर्थ शोधणे तर सर्वस्वी निराधार होय.

परकीय नावे मराठीत अलीकडेच आली असाही समज नसावा. मालोजी भोसले यांनी अहमदनगरच्या शाह शरीफ या पीरास नवस केला आणि पुत्रांची नावे शहाजी व शरीफजी अशी ठेविली, ही परंपरा बखरींतून येते. वऱ्हाडात पिराजी, फकिरा, दौलत, गुलाब ही नावे शेतकरी कुटुंबांत सहज आढळतात. फार्सी-अरबी मुळाच्या या नावांना संस्कृत व्युत्पत्ती चिकटविणे म्हणजे एका पिढीने केलेल्या नवसाची आठवण पुसून टाकणे होय. हीच दक्षता इतर भाषिक समाजांच्या नावांविषयी बाळगली पाहिजे. यवतमाळ जिल्ह्यात कोलामी व गोंडी या द्राविडी भाषा बोलल्या जातात. कोलामीचे एमेनो यांनी केलेले वर्णन १९५५ साली प्रसिद्ध झाले. बंजारा समाजाची गोरमाटी ही आर्यभाषाकुळातील असली तरी तिचे नाते राजस्थानीशी निकटचे आहे. या घरांतील जुन्या नावांचा उगम आधी त्या त्या भाषेत शोधावा, नंतर संस्कृताकडे वळावे.

६. समरूप शब्द व लोकव्युत्पत्ती

रूप एक आणि मुळे दोन, अशी स्थिती अनेकदा असते. 'मिलिंद' हे नाव घ्यावे. संस्कृत कोशांत मिलिंद म्हणजे भुंगा. नामसूचींत हाच अर्थ असतो. परंतु पाली वाङ्मयातील 'मिलिंद' हे इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातील ग्रीक राजा मिनँडर याच्या नावाचे भारतीय रूप आहे. नागसेन भिक्षूशी झालेला त्याचा संवाद 'मिलिंदपञ्ह' या ग्रंथात आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी स्थापन केलेल्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीच्या छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचे औरंगाबाद) येथील महाविद्यालयास हेच नाव आहे. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे झालेल्या धम्मदीक्षेनंतर विदर्भातील घराघरांत सिद्धार्थ, सुजाता, संघमित्रा, राहुल यांच्याबरोबर मिलिंद हेही नाव आले. त्या घरातील मुलास 'तुझ्या नावाचा अर्थ भुंगा' असे सांगणे हे कोशाच्या दृष्टीने अचूक आणि त्या मुलाच्या दृष्टीने असत्य आहे. 'राहुल' या नावाचीही अशीच गत होते. सूचींत 'समर्थ', 'कुशल' असे अर्थ दिसतात. बौद्ध परंपरा मात्र पुत्रजन्माची वार्ता ऐकून सिद्धार्थाच्या मुखातून निघालेल्या 'बंधन' या भावनेशी हे नाव जोडते.

'धोंडो' या नावाच्या बाबतीत तीन मार्ग संभवतात : धोंडा म्हणजे दगड, 'धुंडिराज' या गणपतीच्या नावाचे लघुरूप, आणि धोंड्याच्या महिन्यात, म्हणजे अधिक मासात, झालेला जन्म. यांपैकी कोणता मार्ग एखाद्या विशिष्ट धोंडोपंतांना लागू पडतो हे त्यांच्या घराण्यातील इतर नावे, जन्मतिथी आणि कुलदैवत यांवरूनच ठरेल.

लोक स्वतःही अर्थ लावीत असतात, आणि तो अर्थ पुढे रूपालाच बदलतो. माहूरच्या दत्तशिखरामुळे या भागात दत्ताचे नाव विपुल आहे. मूळ शब्द दत्त अधिक आत्रेय, म्हणजे अत्रीचा पुत्र दत्त. परंतु त्रिमुखी मूर्ती डोळ्यांपुढे असल्याने 'आत्रेय' याच्या जागी 'त्रय' ऐकू येऊ लागले आणि शाळांच्या दाखल्यांत 'दत्तात्रय' असे लेखन रूढ झाले. व्युत्पत्तीच्या दृष्टीने हे चूक. तरी भक्तीच्या इतिहासात या चुकीला स्वतःचा अर्थ आहे. 'विठ्ठल' म्हणजे विटेवर उभा राहिलेला, ही उपपत्तीही याच जातीची. रा. गो. भांडारकरांनी हे नाव 'विष्णु' शब्दाच्या कानडी रूपाकडे नेले. बाराव्या शतकातील होयसळ राजा विष्णुवर्धन हा 'बिट्टिदेव' या नावानेही ओळखला जाई, ही गोष्ट त्या मतास पोषक आहे. शिवाय 'वीट' हा शब्द संस्कृत 'इष्टका'पासून आला आणि त्यातील आरंभीचा 'व' मराठीने जोडलेला आहे; कानडीत विटेला 'इट्टिगे' म्हणतात. विटेची उपपत्ती मराठीच्या कुंपणाबाहेर उभी राहत नाही. ती लोकमानसाची साक्ष म्हणून जपावी, व्युत्पत्ती म्हणून सांगू नये.

उमरखेड या ग्रामनामाचाच या दृष्टीने विचार करता येईल. 'खेड' हे 'खेट'पासून आले, हे स्पष्ट आहे. 'उमर' मात्र दोन दिशांनी नेता येतो : 'उमर' या अरबी पुरुषनामाकडे, किंवा संस्कृत 'उदुंबर', मराठी 'उंबर' या वृक्षाकडे. एकटे नाव पाहून निर्णय होत नाही. त्याच्या भावंडांकडे पाहावे लागते. उमरी, उमरगा, उमरेड, उंब्रज अशी ग्रामनामे महाराष्ट्रभर विखुरलेली आहेत, आणि बाभूळगाव, पिंपळगाव, चिंचोली यांप्रमाणे वृक्षावरून गाव ओळखण्याची आपली रीत सार्वत्रिक आहे. म्हणून पारडे वृक्षाकडे झुकते. कागदपत्रे तपासताना लिपीचे भानही ठेवावे : मोडीत इकार-उकारांचा ऱ्हस्व-दीर्घ भेद बहुधा पाळला जात नाही, आणि पैनगंगेपलीकडील हैदराबाद संस्थानात जी उर्दू दफ्तरे तयार झाली त्यांत ऱ्हस्व स्वर सामान्यतः लिहिले जात नसत. कागदावरचे नाव आणि तोंडातले नाव यांत अंतर पडते, ते येथे.

७. ज्या नावांचा अर्थ सर्वांना कळतो

आतापर्यंत अर्थ शोधाव्या लागणाऱ्या नावांचा विचार झाला. काही नावांचा अर्थ मात्र इतका उघड असतो की तो ऐकणाऱ्यास टोचतो. दगडू, कचरू, केरबा, भिकाजी, उकंडा ही नावे या वर्गातील. 'उकंडा' हे 'उकिरडा' या शब्दाचे वऱ्हाडी रूप. संस्कृत 'उत्कर' म्हणजे केराची रास, या कुळातील. मनुस्मृतीने शूद्राचे नाव निंदाव्यंजक असावे असे सांगितले आहे. म्हणून अशी सर्व नावे वरच्या वर्णांनी लादलेली आहेत, असा निष्कर्ष कोणी काढील. काही नावांच्या बाबतीत तो खराही असेल. परंतु भिकाजी व धोंडो ही नावे ब्राह्मण घराण्यांतही आढळतात. जेथे आधीची मुले दगावली तेथे नव्या मुलास मृत्यूची दृष्ट लागू नये म्हणून त्याला टाकाऊ वस्तूचे नाव द्यावयाचे, अशी ही चाल आहे. शब्दार्थ तुच्छतेचा, हेतू पराकाष्ठेच्या मायेचा.

'नकुशा' किंवा 'नकोशी' या नावाचे रूपही वरवर असेच दिसते. हेतू मात्र अगदी वेगळा आहे. मुलीमागून मुलगी झाली, आता नको, हा त्याचा अर्थ मुलीलाही कळतो आणि वर्गातील प्रत्येकाला कळतो. २०११ च्या ऑक्टोबरमध्ये सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. उकंडा आणि नकुशा या दोन नावांना व्युत्पत्तिकोश एकाच पंक्तीत बसवील. त्यांच्यातील भेद फक्त हेतू विचारल्यानेच कळतो. आणि तो भेद एका माणसाच्या साऱ्या आयुष्यास पुरणारा आहे.

८. उपसंहार

यावरून अभ्यासकासाठी काही नियम निघतात. नाव नोंदविताना त्याचा उच्चार, लेखन, ठेवणारी व्यक्ती, ठेवण्याचे कारण आणि वर्ष ही पाचही अंगे स्वतंत्रपणे टिपावीत. अर्थ सांगताना तो कोशातील आहे, परंपरेतील आहे की कुटुंबातील आहे, हे स्पष्ट करावे. आणि ज्या नावास शब्दार्थ नाही त्यास तो नाही असे निःसंकोच सांगावे. आईबापांच्या नावांतील अक्षरे जुळवून केलेल्या नावाला कोशात अर्थ नसतो. पण त्याचा हेतू कोणत्याही तत्सम नावाइतकाच स्वच्छ असतो. पालकांनाही घाई करण्याचे कारण नाही. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियमाप्रमाणे नावावाचून जन्माची नोंद होऊ शकते, आणि नोंदणीपासून बारा महिन्यांच्या आत नाव शुल्काविना घालता येते. पडताळणीस एवढा अवधी पुरे आहे.

त्या बारशाच्या दिवशी 'आरव' याचा खरा अर्थ प्रस्तुत लेखकाने सांगितला, तेव्हा आत्याबाई क्षणभर खट्टू झाल्या. मग त्या म्हणाल्या, "म्हणजे आवाज. मग तर बरोबरच आहे. बारा वर्षांनी या घरात मूल रडले." नाव बदलले नाही. त्यांनी ते बाळाच्या कानात सांगितले आणि नामसूचीतील 'शांत' हा शब्द पेनाने खोडून वर 'नाद' असे लिहिले.

पणजोबांना त्यांच्या नावाविषयी विचारले असता त्यांनी कोशाची वाट पाहिली नाही. त्यांच्या आधीची तीन भावंडे गेली होती. जन्मल्यावर त्यांना सुपात घालून उकिरड्यावर ठेवले, आणि आईने दुसऱ्याचे मूल उचलावे तसे उचलून घरी आणले. "टाकलेलं पोरगं म्हणून देवानं पाहिलं नाही," ते म्हणाले, "म्हणून राहिलो." पुढच्या कार्याच्या पत्रिकेत त्यांचे नाव 'उकंडराव' असे छापावयाचे ठरले आहे.